इजाजतीच्या आधी

निकाहच्या दिवशी वकील आणि दोन साक्षीदार मुलीकडे येऊन तिची इजाजत विचारतात. अनेक घरांत मुलीला तिचं मत विचारण्याची ती पहिलीच वेळ असते. वीस वर्षं जिला कुणी काही विचारलं नाही, ती त्या क्षणी मान हलवण्यापलीकडे काय करणार?

आम्ही तिघी बहिणी याबाबतीत नशीबवान. अब्बा ट्रकवर होते. वसमतच्या मोंढ्यातून हळद भरायची आणि सांगलीला पोहोचवायची. आठवड्यातले चार-पाच दिवस ते बाहेरच असत. पण घरी आले की हातपाय धुऊन ओट्यावर बसायचे आणि एकेकीला विचारायचे, "बोल बेटा, क्या क्या हुआ?" चुकलेलं गणित, मैत्रिणीशी भांडण, अम्मीची तक्रार, सगळं ऐकून घ्यायचे. मध्ये बोलायचे नाहीत.

याची किंमत पुढे कळली. मधलीला स्थळ आलं. घर चांगलं, मुलगा कमावता. घरच्यांसमोर दोनदा भेट झाल्यावर ती अब्बांना म्हणाली, "तो मला बोलूच देत नाही." नातेवाइकांना हे कारणच वाटलं नाही. अब्बांना वाटलं. त्यांनी नकार कळवला. ऐकणारा माणूस कसा असतो हे तिनं घरात पाहिलं होतं, म्हणून न ऐकणारा तिला लगेच ओळखता आला.

आता शाळेत शिकवताना आम्हाला दुसरी बाजूही दिसते. पालकसभेला आई येते. बापाची फक्त प्रगतिपुस्तकावर सही असते. अशा एखाद्या मुलीला फोनवर कुणी "जेवलीस का?" एवढं विचारलं तरी ते प्रेम वाटतं. एखादी पुढे नवऱ्याचा अबोला आणि ओरडणं हीच संसाराची रीत समजते. अर्थात, बाप नसलेल्या मुलीही आई, मामा, भाऊ यांच्या मायेनं खंबीर होतात. प्रश्न घरात असूनही नसलेल्या बापाचा आहे.

हजरत फातिमा (रजि.) आल्या की पैगंबर हजरत मुहम्मद (स.) उठून उभे राहत, त्यांचा हात हाती घेत, मुका घेत आणि आपल्या जागेवर बसवत. हजरत खन्सा बिन्त खिदाम (रजि.) यांचा निकाह वडिलांनी मनाविरुद्ध लावला, तेव्हा त्यांची तक्रार ऐकून पैगंबरांनी (स.) तो रद्द ठरवला. कुमारिकेचं मौन ही संमती मानली आहे, पण ते लाजेचं मौन. भीतीनं गप्प बसणं म्हणजे संमती नव्हे. आपली मुलगी लाजून गप्प आहे की घाबरून, हे रोज तिच्याशी बोलणाऱ्या बापालाच कळेल.

आपल्या हिंगोली जिल्ह्यातले कितीतरी बाप पोटासाठी हैदराबाद, पुण्याला असतात. त्यांना एवढंच सांगणं आहे: घरी फोन केला की खर्चाचं बोलून ठेवून देऊ नका. पाच मिनिटं मुलीला द्या, आणि त्यातली चार तिला बोलू द्या.