पाण्याची रेघ

शाहूवाडी तालुक्यातलं पाणी समुद्राकडं पाठ करून वाहतं. आंब्याच्या घाटमाथ्यावरून पश्चिमेला बघितलं की कोकण पायाशी पसरलेलं दिसतं. पण त्याच माथ्यावर पडलेला पाऊस कडवीतून वारणेत, वारणेतून कृष्णेत आणि तिथून पार बंगालच्या उपसागराला जातो. नद्यांना आमच्याकडं तोटा नाही, पण त्यांच्यातून माल वाहून नेता येतो हे गावात कुणाच्या डोक्यात आलं नसेल. अशा गावचा मी, आणि माझी उमेदीची सगळी वर्षं बार्ज मोजण्यात गेली. त्याला कारण आमचे तात्या, माझे धाकटे चुलते.

तात्या मलकापुरात पाणी उपसायची ऑइल इंजिनं दुरुस्त करायचे. पावसाळा लागला की पंप बंद आणि तात्या रिकामे. गोव्यात बार्जवर इंजिनची माणसं लागतात असं कुणीतरी सांगितलं आणि ते ट्रंक उचलून गेले. पोहता येत नव्हतं. आजीनं त्यावरून बराच गोंधळ घातला, तेव्हा म्हणाले, "इंजिन पोटात असतंय, पाणी भायेर. आपला पाण्याशी काय संबंध?" ग्रीझर म्हणून लागले. पुढं पणजीच्या बंदर कप्तान कार्यालयात परीक्षा देऊन ड्रायव्हर झाले. बार्जवर ड्रायव्हर म्हणजे इंजिनवाला. सुकाणू मास्टरच्या हातात. हे गावात समजावून सांगताना तात्यांची दमछाक व्हायची, कारण ड्रायव्हर असून चाक हातात नाही हे कुणाला पटायचंच नाही.

शाळेच्या सुट्टीत मी त्यांच्याकडं गेलो तेव्हा बार्ज पहिल्यांदा पाहिली आणि निराश झालो. शीड नाही, डोल नाही. चपट्या तळाची लांबलचक लोखंडी पेटी, पुढं सगळा उघडा हौद, मागं टोकाला केबिन आणि वर मास्टरची खोली. धक्क्यावर ट्रक मागं लावून माल ओतत होते. तो माल मात्र ओळखीचा वाटला. आमच्या सड्यांवरही जांभा आहे, बॉक्साइटच्या खाणी आहेत. त्या ट्रकांची लाल धूळ रस्त्याकडेच्या झाडांवर बसते ती वळवाच्या पावसापर्यंत. इथल्या खलाशांच्या कानांच्या पाळ्या, बनियन, भाताचं पातेलं, सगळं त्याच रंगाचं होतं.

गोव्यातल्या लोहखनिजाच्या खाणी आत, डिचोली, सत्तरी, सांगे या बाजूला. तिथून ट्रक नदीकाठच्या धक्क्यावर येतो, धक्क्यावरून बार्ज मांडवी किंवा जुवारीतून खाली मुरगाव बंदरात जाते आणि तिथून मोठं जहाज जपानला, नंतरच्या काळात चीनला. खाण पोर्तुगीज अमदानीतच वाढली होती, त्यामुळं ही वाट जुनी. मधला नदीचा तुकडा एवढंच बार्जचं जग. मोठ्या जहाजावरचा माणूस बार्जवाल्याला खलाशी मानत नाही आणि किनाऱ्यावरचा मच्छीमार तर मुळीच मानत नाही. घाटावरून आलेल्याला गोव्यात काय म्हणतात ते सगळ्यांना ठाऊक आहे; तात्यांना तर दोन्ही बाजूंनी ऐकून घ्यावं लागे.

बार्जचं घड्याळ म्हणजे भरती-ओहोटी. गोव्यात ओहोटीला सुकती म्हणतात. भरलेली बार्ज इतकी खाली बसते की तिचा काठ आणि पाणी यांत हातभर अंतर राहतं. नदीत वाळूचे उंचवटे असतात. त्यांच्यावरून जायचं तर भरतीच हवी. भरती रोज साधारण पन्नास मिनिटं पुढं सरकते, म्हणून आज पहाटे निघालेली बार्ज आठवड्याने भर दुपारी निघते आणि माणसांची झोप, जेवण, आंघोळ तिच्यामागून फरफटत जाते. तात्या गावी आले की रात्री दोनला उठून अंगणात बसायचे. काकू म्हणायच्या, "यांची भरती लागली बघा."

पावसाळ्यात आणखी एक वळसा. मांडवीच्या मुखाशी आग्वादचा वाळूचा बांध आहे. जूनपासून तिथं लाटा अशा फुटतात की बार्जनं जाऊच नये. मग मांडवीतल्या बार्जेस कुंभारजुव्याच्या कालव्यातून आडव्या जाऊन जुवारीत उतरतात. कालवा अरुंद, दोन्ही काठांना खारफुटी, चिखलात मगरी. समोरून बार्ज आली की दोन मास्टर भोंग्यावर बोलून घेत. पोहता न येणाऱ्या तात्यांना या कालव्याचं भय नव्हतं. पोहता येऊन तरी मगरीपुढं काय उपयोग, असा त्यांचा सवाल.

बी.एस्सी. झालो आणि मालाचं वजन ठरवणाऱ्या एका फर्ममध्ये लागलो, अर्थात तात्यांच्या ओळखीनं. दोन हजार टन माल तराजूत कोण घालणार? बार्ज हाच तराजू. तिच्या अंगावर पुढं, मध्ये, मागं, दोन्ही बाजूंना आकडे रंगवलेले असतात. होडीतून फिरून सहा ठिकाणी पाण्याची रेघ कुठं आहे ते वाचायचं, म्हणजेच ड्राफ्ट वाचायचा. ऐकायला सोपं. प्रत्यक्षात पाणी क्षणभर स्थिर नसतं. लहर आकडा झाकते, उघडते. वरची खूण बघायची, खालची बघायची आणि मधला आकडा मनाशी धरायचा. बार्जच्या तक्त्यातून त्या खोलीला किती टन ते काढायचं आणि रिकाम्या बार्जचं वजन, डिझेल, पिण्याचं पाणी वजा करायचं.

खरी मेख पाण्यातच. गोड्या पाण्यात बार्ज जास्त बसते, खाऱ्यात वर येते. म्हणून बादलीभर पाणी काढून त्यात काचेचा घनतामापक सोडायचा: गोडं असेल तर 1.000, निव्वळ समुद्राचं 1.025. पावसाळ्यात वरच्या धक्क्याशी नदी पिण्याइतकी गोडी असते. तीच बार्ज, तोच माल, बंदरात खारं पाणी लागलं की चार बोटं वर. नवीन पोरगा हे विसरला की पन्नासएक टन माल कागदावरच्या कागदावर नाहीसा होई. मालक चोरी म्हणे, मास्टर शपथा घेई आणि चोर बिचारा बादलीत असे. मला हे काम फार आवडायचं. उगाच कशाला लपवू?

मुरगावला माल उतरवायचं यंत्र 1979 मध्ये सुरू झालं. ग्रॅब हौदात पडतो, जबडा मिटतो, लाल धूळ उडते. पण ग्रॅबला कोपरे लागत नाहीत. शेवटचा माल खलाशीच फावड्यानं ओढायचे. ओला माल असेल तर तो तळाला गाऱ्यासारखा चिकटे आणि ओढताना पाठीचे टाके ढिले होत. अहवालात मी लिहायचो, 'हौद रिकामा'. या दोन शब्दांखाली तासाभराचं फावडं असे.

चीनच्या मागणीनं 2010-11 मध्ये गोव्यातून पाच कोटी टनांहून जास्त माल गेला. पूर्वी फेकून दिलेली चूरही विकली गेली. ज्यानं कधी होडी वल्हवली नाही त्यानंही कर्ज काढून बार्ज बांधायला टाकली. मग बेकायदा खाणकामाची चौकशी करणाऱ्या शाह आयोगाचा अहवाल आला, सप्टेंबर 2012 मध्ये खाणी थांबल्या, ऑक्टोबरात सर्वोच्च न्यायालयाचा आदेश आला. बेबंद उपसा झाला होता, शेतांत गाळ उतरला होता, विहिरी आटल्या होत्या. थांबवलं ते योग्यच झालं असं मी तेव्हाही म्हणत होतो आणि त्यापायी सहकाऱ्यांच्या शिव्याही खात होतो. 2014 मध्ये वर्षाला दोन कोटी टनांची मर्यादा घालून परवानगी मिळाली, 2018 मध्ये 88 खाणपट्ट्यांचं नूतनीकरण रद्द झालं आणि पुन्हा सगळं बंद.

ट्रकवाला दुसरा माल भरतो. बार्ज एका मालासाठी, एका नदीसाठी बांधलेली. तिला बाहेर समुद्रात नेता येत नाही आणि आत नदीत नेण्यासारखं दुसरं काही नाही. ती नुसती बांधून ठेवली तरी दोरखंड लागतो, राखणदार लागतो, तळाचं गळतं पाणी उपसावं लागतं. कित्येक बार्जेस किलोच्या भावानं भंगारात गेल्या. गॅस कटरनं पत्रा कापताना आधी रंग जळतो, त्यामुळं आम्ही वाचायचो ते आकडे पहिल्यांदा जायचे. 2016 च्या कायद्यानं मांडवीला राष्ट्रीय जलमार्ग 68, जुवारीला 111, कुंभारजुव्याला 27 असे क्रमांक मिळाले. क्रमांक आले आणि माल गेला. पणजीसमोर आता रात्री कॅसिनोच्या बोटी झगमगतात. त्यांना भरतीची वाट बघावी लागत नाही, गिऱ्हाईकाचीच बघावी लागते.

लिलाव होऊन 2024 पासून काही खाणी पुन्हा सुरू झाल्या आहेत. जुन्या फर्ममधून फोन आला, पोरांना ड्राफ्ट वाचायला शिकवाल का? पोरं हुशार आहेत, मोबाइलवर हिशेब करतात. मी त्यांना आधी होडीत बसवतो आणि बादली हातात देतो. मास्टर मिळणं मात्र अवघड झालंय. परवाना काढलेले बरेच जण आखातात टगवर गेले, काही धरमतरच्या खाडीत कोळशाच्या मोठ्या बार्जवर. तात्या आता मलकापुरातच असतात. बोलवणं आलंय म्हटल्यावर त्यांनी पहिलं विचारलं, "पगार येळेवर देत्यात का?"