कॉलेज निवडताना घड्याळ बघा!

कॉलेज म्हटलं की डोळ्यांसमोर काय येतं? कॅन्टीनमधला कटिंग, बंक केलेली लेक्चर्स, गॅदरिंग, कॉलेज रोडवर रेंगाळलेल्या संध्याकाळी. बरोबर ना? पण तिशीच्या उंबरठ्यावर, नोकरी सांभाळून कॉलेज शोधायला निघालात तर यातलं काहीच उपयोगाचं नाही. तेव्हा लागतं कॅलेंडर, घड्याळ आणि घरातल्या माणसांचा मूड!

मी अंबड एमआयडीसीतल्या एका कंपनीत अकाउंट्सला आहे. बारावी कॉमर्स झाले त्याच वर्षी बाबांची नोकरी गेली, धाकट्या भावाचं शिक्षण समोर होतं, म्हणून डेटा एंट्रीला लागले. ‘वर्षभर बघू’ म्हणता म्हणता अकरा वर्षं झाली. टॅली बोटांवर बसलं, २०१७ला जीएसटी आल्यावर तोही शिकले. नव्याने आलेल्या बी.कॉम. मुलामुलींना एंट्री कशी मारायची हे मीच दाखवायचे. मग दीड-दोन वर्षांत ती मुलं ‘एक्झिक्युटिव्ह’ व्हायची आणि मी आपली ‘असिस्टंट’च! आमचे सर माणूस म्हणून चांगले. त्यांनी एकदा बोलावून स्पष्टच सांगितलं, ‘‘तुझं काम मला माहितीये गं. पण ग्रॅज्युएशनचा कॉलम रिकामा असला की फाइल वर जातच नाही. साडेतीन वर्षांनी मी रिटायर होतोय. त्याआधी तो कॉलम भर, मग तुझ्यासाठी भांडायला मी आहे.’’

साडेतीन वर्षं. आणि बी.कॉम.ला लागतात तीन. म्हणजे ‘पुढच्या वर्षी बघू’ हा ऑप्शनच संपला.

मग सुरू झाला सल्ल्यांचा पाऊस. पुण्याची नणंद म्हणाली, ‘‘वहिनी, पुण्यात ये ना, इथे चिक्कार वीकएंड कोर्सेस आहेत.’’ एका मैत्रिणीने मुंबईतली कॉलेजं सुचवली. पंचवटी एक्स्प्रेसने रोज लोक जातातच की, तू फक्त शनिवार-रविवार जा! आता नाशिक-पुणे म्हणजे एका बाजूने दोनशे किलोमीटर. पंचवटीने मुंबई गाठायची तर सकाळी सातच्या सुमारास नाशिकरोड स्टेशनवर हजर. माझी लेक सिनियर केजीत आहे. तिला आठवडाभर आई फक्त संध्याकाळी भेटते, रविवारही गेला तर काय उरलं?

मग गावातच शोधू म्हटलं. सर्वांत आधी गेले एका चकाचक इन्स्टिट्यूटमध्ये. काचेचं दार, एसी, रिसेप्शनवर ऑर्किड्स. समोरची मुलगी गोड हसून म्हणाली, ‘‘मॅम, आमचं हंड्रेड पर्सेंट प्लेसमेंट आहे.’’ मी म्हटलं, ‘‘अगं, मला नोकरी आहे!’’ ती क्षणभर गोंधळली, मग म्हणाली, ‘‘मग फास्ट ट्रॅक घ्या. वन इयर डिग्री, ईझी ईएमआय.’’ डिग्री कुठल्या विद्यापीठाची, हे विचारल्यावर उत्तर आलं, ‘‘आमचं टाय-अप आहे.’’ कुणाशी, ते पैसे भरल्यावर कळणार होतं म्हणे! त्यानंतर पंधरा दिवस रोज फोन. ‘‘मॅम, आज शेवटच्या दोन सीट्स...’’ त्या सीट्स अजूनही शिल्लक असाव्यात.

घरी येऊन मी जरा वाचलं. पदवी तीन वर्षांची असेल तर ती वर्षात मिळत नाही, हे कॉमन सेन्सनेही कळतं. पण दूरशिक्षणाची पदवी विद्यापीठाने स्वतः द्यायची असते, फ्रँचायझी चालत नाही, असं यूजीसीने वारंवार बजावलंय, हे मला नवीन होतं. आणि हे नुसते कागदी नियम नाहीत. काही अभिमत विद्यापीठांनी दूरशिक्षणाने दिलेल्या इंजिनिअरिंगच्या पदव्यांवर २०१७ साली सुप्रीम कोर्टाचा निकाल आला. २००१ ते २००५ या काळातल्या विद्यार्थ्यांवर पुन्हा परीक्षा देण्याची वेळ आली आणि त्यानंतरच्यांच्या पदव्याच रद्द झाल्या. विचार करा, नोकरी करून, रात्री जागून मिळवलेली डिग्री, त्यावर मिळालेलं प्रमोशन आणि एक दिवस पेपरात बातमी! त्या रात्री मला खरंच झोप लागली नाही.

नाशिकमध्ये चांगली कॉलेजं नाहीत असं थोडंच आहे! बीवायके कॉमर्ससाठी प्रसिद्ध, केटीएचएममध्ये अख्ख्या जिल्ह्यातून मुलं येतात. पण रेग्युलर कॉलेज म्हणजे रोजची हजेरी आणि माझी ड्यूटी साडेआठ ते साडेपाच. शिवाय अकाउंट्सवाल्यांना दर महिन्याला दोन तारखा चुकत नाहीत. ११ला जीएसटीआर-१, २०ला ३बी. त्याच्या आधीचे दोन-तीन दिवस घरी कधी पोहोचणार हे मलाही ठाऊक नसतं. संध्याकाळच्या क्लासचा विचारही तिथेच बारगळला.

मग एका रात्री नवऱ्याने वहीचं पान फाडलं आणि म्हणाला, ‘‘कॉलेजांची नावं राहू दे. आधी तुझे तास लिही.’’ आठवड्याचे तास १६८. ऑफिस, येणं-जाणं, झोप, स्वयंपाक, लेकीचा अभ्यास असं वजा करत गेलो. खाली उरले आठ! पहाटे साडेपाच ते साडेसहा असे पाच दिवसांचे पाच तास आणि रविवार सकाळचे तीन. तेवढंच माझं भांडवल. जे कॉलेज या आठ तासांत बसेल ते माझं. बाकीची कितीही भारी असोत, दुसऱ्या कुणासाठी.

आणि मग आठवलं गोवर्धन! गंगापूर धरणाकडे पिकनिकला जाताना ज्या कमानीवरून शंभरदा गेलोय, ते यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठ. काखेत कळसा आणि गावाला वळसा! अख्ख्या महाराष्ट्रातली माणसं ज्या विद्यापीठाची पदवी घेतात, त्याचं मुख्यालय आपल्या गावात आणि आपण पुण्या-मुंबईच्या गाड्यांची टाइमटेबलं बघतोय.

थोडा इतिहास सांगते, कंटाळू नका. नोकरी करणाऱ्यांचंही विद्यापीठ असावं म्हणून इंग्लंडमध्ये १९६९ साली ओपन युनिव्हर्सिटी स्थापन झाली. आपल्याकडे १९८२ला हैदराबादेत, १९८५ला दिल्लीत इग्नू आणि १ जुलै १९८९ला नाशिकमध्ये आपलं मुक्त विद्यापीठ. पहिले कुलगुरू प्रा. राम ताकवले. ते त्याआधी पुणे विद्यापीठाचे कुलगुरू होते आणि पुढे इग्नूचेही झाले. नावातल्या यशवंतरावांचं नाशिकशी जुनं नातं. संरक्षणमंत्री झाल्यावर १९६३ साली ते लोकसभेवर गेले ते नाशिकमधून आणि तेही बिनविरोध. त्यांच्याच काळात १९६४ला ओझरला मिग विमानांचा कारखाना आला. कारखान्यांच्या या गावात कामगारांना परवडेल असं विद्यापीठही असावं, हे मला तरी फार शोभून दिसतं. ब्रीदवाक्यच आहे, ‘ज्ञानगंगा घरोघरी’.

अर्थात, ब्रीदवाक्यावर भुलून प्रवेश घेतला नाही हं. आमच्या स्टोअर्समधल्या काकांनी नाक मुरडलं होतं, ‘‘ओपनची डिग्री? कोण विचारतं तिला!’’ म्हणून आधी एचआरला मेल टाकला. लेखी उत्तर आलं, ‘चालेल, कोर्स यूजीसीमान्य हवा.’ मग यूजीसीच्या दूरशिक्षण विभागाच्या साइटवर विद्यापीठाचं आणि कोर्सचं नाव आहे ना ते पाहिलं. सप्टेंबर २०२२मध्ये यूजीसीने स्पष्ट केलंय, की मान्यताप्राप्त विद्यापीठाची दूरस्थ किंवा ऑनलाइन पदवी ही रेग्युलर पदवीच्या तोडीची धरायची. ती सूचना मी काकांना वाचून दाखवली. काका म्हणाले, ‘‘मग माझ्या धाकट्यासाठीही बघ की!’’

आता दुसरं वर्ष चालू आहे. घराजवळचं अभ्यासकेंद्र निवडलंय, स्कूटरवर दहा मिनिटं. रविवारी सकाळी संपर्कसत्र असतं. शिकवणाऱ्यांना ‘समंत्रक’ म्हणतात. पहिल्या दिवशी तो शब्द ऐकून हसू आलं होतं, आता तोच बरोबर वाटतो. ते सगळं शिकवत नाहीत, अडलेलं सोडवून देतात. बाकी पुस्तकं आणि तुम्ही. माझ्या शेजारी एक पोलीसदादा बसतात, पलीकडे ब्युटी पार्लर चालवणारी एक ताई. आमच्यात बंक कुणी मारत नाही, कारण प्रत्येकजण घरून काहीतरी सोडून आलेला असतो.

सोपं आहे का? छे! पहाटे साडेपाचला पुस्तक उघडल्यावर अक्षरं पोहायला लागतात. परीक्षेच्या आठवड्यात लेकीला ताप आला तेव्हा सगळं सोडून द्यावंसं वाटलं होतं. सासूबाई म्हणाल्या, ‘‘तू पेपर देऊन ये, मी आहे ना. ताप उतरेल, पेपर परत यायचा नाही.’’ पेपर दिला, पास झाले. असं मागे उभं राहणारं माणूस घरात असावं लागतं. ते नसेल तर कुठलंही कॉलेज जड जातं.

पण एक गंमत झाली, जी मी हिशेबात धरलीच नव्हती. दर मार्चअखेर सर सांगायचे, ‘‘लाइट बिलाची प्रोव्हिजन टाक.’’ मी टाकायचे आणि एप्रिलमध्ये उलट एंट्री करायचे. अकरा वर्षं. एका रविवारी समंत्रकांनी सांगितलं, वीज मार्चमध्ये वापरली तर खर्च मार्चचाच, बिल एप्रिलमध्ये येवो नाहीतर मेमध्ये. एवढी साधी गोष्ट! पण त्यानंतर ऑफिसमधलं प्रत्येक व्हाउचर वेगळंच दिसायला लागलं. मागच्या महिन्यात ऑडिटरने एका एंट्रीबद्दल विचारलं, तेव्हा ‘सर सांगतील’ असं न म्हणता मीच उत्तर दिलं. सर केबिनमधून बघत होते.

तुमचं क्षेत्र वेगळं असेल तर उत्तरही वेगळं येईल. आमच्या प्रॉडक्शनमधल्या डिप्लोमावाल्या मित्राला बी.ई. करायचंय. त्याला दूरशिक्षण चालणारच नाही, इंजिनिअरिंग, नर्सिंग, फार्मसी, लॉ या पदव्या तसल्या पद्धतीने देता येत नाहीत. पण २०२३पासून एआयसीटीईने नोकरदारांसाठी सोयीच्या वेळेच्या बॅचेसना परवानगी दिली. वर्षभराचा अनुभव हवा आणि नोकरी किंवा घर कॉलेजपासून ठरावीक अंतराच्या आत हवं. म्हणजे जवळचं कॉलेज घ्या, हे नियमातच आलं! तो आता कुठल्या कॉलेजात अशी बॅच खरंच भरते, याची चौकशी करत फिरतोय.

म्हणून सांगते, प्लेसमेंटचे आकडे आणि बिल्डिंगचे फोटो बघण्याआधी चार प्रश्न विचारा. पदवीवर सही कुणाची? माझी कंपनी ती मानते का, लेखी? घरापासून किती मिनिटं? आणि महिनाअखेरीला दोन तासिका बुडाल्या तर काय? चारांची उत्तरं मिळाली की फॉर्म भरून टाका.

माझा शेवटचा निकाल सरांच्या निरोप समारंभाआधी लागेल की नाही, हे आज सांगता येत नाही. अगदी कट टू कट आहे. नाही लागला तर नव्या साहेबांपुढे माझं मला भांडावं लागेल. बघू! निदान तेव्हा कॉलम रिकामा नसेल.