हल्ली किती शांत झालेत ना!

मराठीत म्हाताऱ्या माणसांच्या स्वभावासाठी शब्दांची नुसती चंगळ आहे. हेकट, तिरसट, चिक्कू, संशयी, घुमा. शिवाय 'साठी बुद्धी नाठी' आहेच, आणि सगळ्यांवर कडी म्हणजे 'म्हातारचळ'. आजारासाठी मात्र आपल्या तोंडी एकच शब्द, स्मृतिभ्रंश. त्या शब्दातच स्मृती बसलेली असल्यामुळे आपण सगळे विसरण्याची वाट बघत बसतो. चष्मा फ्रीजमध्ये सापडला, नातवाचं नाव आठवेना, की घरात धावपळ. पण स्वभावच बदलला तर? तर काही नाही. 'वय झालं आता' म्हणायचं आणि टीव्हीचा आवाज वाढवायचा.

माझ्या मामाचं सगळं स्वभावापासूनच सुरू झालं.

मामा वैतरणाचा. विरारनंतरचं पहिलं स्टेशन. तुमच्यापैकी बहुतेकांनी ते गुजरात मेलच्या खिडकीतून पाहिलं असेल, तेही झोपेत! विरारला गर्दी रिकामी होते, मग खाजण, भातखाचरं, खाडी... आणि स्टेशनच्या पुढे वैतरणा नदीवरचे ते लांबलचक रेल्वे पूल, ९२ आणि ९३ नंबरचे. डहाणूपर्यंत लोकल आली ती २०१३ मध्ये. त्याआधीच्या शटलने मामाने तीसेक वर्षं वैतरणा-बोईसर अप-डाऊन केलं. तारापूर एमआयडीसीतल्या एका केमिकल कंपनीत तो स्टोअरकीपर होता. दिवसा ड्रम मोजायचे, संध्याकाळी गावच्या गणपतीचा हिशेब. रुपयाचा फरक आला तर गडी जेवायचा नाही. गाडीतल्या भजनी मंडळात टाळ त्याच्याकडे. बांधावरून भाऊबंदांशी भांडणं, आणि तीही रंगवून रंगवून सांगणार. थोडक्यात काय, मामा म्हणजे फुल्ल आवाजातला रेडिओ.

दोन वर्षांपूर्वी या रेडिओचा आवाज कमी व्हायला लागला. तेव्हा तो ६६ चा. गुरुवारचं भजन सुटलं. गणपतीच्या हिशेबाची वही त्याने कुणालातरी देऊन टाकली. का रे मामा? 'करतील पोरं.' बांधावर शेजाऱ्याने कुंपण एक हात पुढे सरकवलं, मामा ओट्यावर बसून बघत राहिला. नातेवाईक खूश! जो येईल तो म्हणायचा, 'हल्ली किती शांत झालेत ना!' दोघा-तिघांनी तर मामीचं अभिनंदन केलं.

एकटी माझी आई अस्वस्थ होती. ती त्याची धाकटी बहीण, राहते विरारला. म्हणाली, 'शांत झालेल्या माणसाच्या तोंडावर समाधान दिसतं गं. दादाच्या तोंडावर काहीच दिसत नाही.'

या 'काहीच नाही'ला डॉक्टर लोक अ‍ॅपथी म्हणतात. मराठीत उदासीनता म्हणता येईल, पण त्यात उदास आहे आणि मामा उदास नव्हता. रडत नव्हता, झोप उडाली नव्हती, 'आता कशाला जगायचं' वगैरे काही नाही. त्याला काही वाटतच नव्हतं. म्हाताऱ्या माणसांमध्ये हे लक्षण सगळ्यात सहज नजरेतून सुटतं असं मला वाटतं, कारण त्याचा कुणालाच त्रास होत नाही. ओरडणाऱ्या आजोबांना घेऊन घरचे डॉक्टरकडे जातात. गप्प आजोबा सगळ्यांना सोयीचे असतात.

बाकीचं हळूहळू दिसायला लागलं. दारावर आलेल्या सेल्समनकडून मामाने पाण्याचा फिल्टर घेतला. पंधरा दिवसांनी तसाच आणखी एक. लाइटबिल दोनदा भरलं, गॅसचं राहिलं. (पैशांची गोष्ट अगदी क्षुल्लक समजू नका. २०२० मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासात असं दिसलं, की पुढे डिमेन्शिया झालेल्या लोकांचे बिलांचे हप्ते निदानाच्या सहा-सहा वर्षं आधीपासून चुकायला लागले होते.) एका दहाव्याला मामाने असा विनोद केला की मामीने पदर तोंडाला लावला. हे सगळं आम्ही हसण्यावारी नेण्यासारखंच होतं, पण मग संशय सुरू झाला.

आधी पासबुक. 'तू लपवलंस.' ते तांदळाच्या डब्यात सापडलं, ठेवलं होतं त्यानेच. मग पैसे. मग एका सकाळी, 'त्या कोळंबीवाल्याशी तू एवढा वेळ काय बोलत असतेस?' मामी ६४ वर्षांची. लग्नाला ४० च्या वर वर्षं झालेली. माझा मामेभाऊ फोनवर हसला, मामी हसली नाही. तिला वाटलं, इतकी वर्षं या माणसाच्या मनात हेच होतं की काय? 'म्हातारचळ लागलाय तुम्हाला,' हे ती त्याच्या तोंडावर बोलली ती तेव्हा. नंतर आईकडे येऊन रात्रभर रडली.

आता जरा फ्रँकफर्टला जाऊ. नोव्हेंबर १९०१. तिथल्या मनोरुग्णालयात ५१ वर्षांची एक बाई दाखल झाली, आउगुस्टे डेटर. तिला तपासणाऱ्या डॉक्टरांचं नाव आलॉइस अल्झायमर. हो, तेच! १९०६ मध्ये ती गेल्यावर त्यांनी तिच्या मेंदूचा अभ्यास केला, १९०७ मध्ये तिच्यावरचं टिपण छापून आलं आणि १९१० मध्ये त्या आजाराला त्यांचं नाव मिळालं. त्या टिपणात तिचं पहिलं ठळक लक्षण कुठलं नोंदवलंय? विसरणं नव्हे. नवऱ्यावरचा संशय. विसरणं त्याच्यानंतर आलं. म्हणजे या आजाराच्या पहिल्यावहिल्या केसमध्येच आमच्या मामीची कोळंबी होती, आणि सव्वाशे वर्षांनी आपण अजून हरवलेले चष्मे मोजतोय.

मामेभाऊ पुण्यात आयटीत. त्याचा सवाल रोखठोक होता. 'कळून तरी काय करणार? बरं करणारं औषध तर नाही.' तुमच्यातल्या अनेकांच्या मनात आत्ता हेच आलं असेल. त्याला उत्तर कुणा डॉक्टरने दिलं नाही, एका इस्टेट एजंटने दिलं. विरारच्या पुढच्या जमिनींना काय भाव आलेत हे सांगायला नको. हा गृहस्थ दोन वर्षं मामाकडे खेटे घालत होता आणि मामा त्याला पाणीही न विचारता वाटेला लावत होता. गेल्या पावसाळ्यात तो आला तेव्हा मामा म्हणाला, 'कुठं सही करू?' मामी घरात होती म्हणून वाचलं. जमिनीसाठी चुलत भावाशी अकरा वर्षं न बोललेला माणूस! त्या रात्री मामेभाऊ पुण्याहून निघाला.

जवळच्या डॉक्टरांनी 'या वयात चालायचंच' म्हणून व्हिटॅमिनच्या गोळ्या दिल्या होत्या. आईने ते ऐकलं नाही. मुंबईतल्या एका मोठ्या रुग्णालयाच्या ओपीडीत आम्ही चौघं गेलो. मामाने तारीख सांगितली, वार सांगितला, पंतप्रधान सांगितले, शंभरातून सात-सात वजा करत स्टोअरकीपरच्या थाटात खाली आला. घड्याळाचं चित्रही बरं काढलं. मामेभावाने माझ्याकडे बघून 'बघ, काही नाहीये' असा चेहरा केला. डॉक्टरबाईंनी मात्र कागद बाजूला ठेवला, मामाला वॉर्डबॉयबरोबर रक्त द्यायला पाठवलं आणि मामीला विचारलं, 'आधी कसे होते?'

मामी दहा मिनिटं बोलत होती. तपासणी खरी तीच होती.

म्हाताऱ्या माणसाच्या वागण्याचं मोजमाप शेजारच्या आजोबांशी तुलना करून होत नाही. त्याची तुलना त्याच्याशीच करायची. जन्मभर तिरसट असलेला माणूस ७० व्या वर्षी तिरसट असेल तर तो त्याचा स्वभाव. जन्मभर गोड असलेला माणूस तिरसट झाला, तर ती बातमी. आणि हे सांगू शकतो तो फक्त घरचा माणूस. २०१६ मध्ये संशोधकांच्या एका आंतरराष्ट्रीय गटाने या अवस्थेचे, म्हणजे 'माइल्ड बिहेवियरल इम्पेअरमेंट'चे, निकष प्रसिद्ध केले. पुढच्या वर्षी कॅनडातले डॉ. झाहिनूर इस्माईल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्यासाठी ३४ प्रश्नांची यादी प्रसिद्ध केली. उत्साह गेलाय का, मूडचा तोल सुटतोय का, आवेग आवरत नाही का, चारचौघांतलं भान कमी झालंय का, नसते संशय किंवा भास आहेत का, अशा धाटणीचे प्रश्न. अटी दोन महत्त्वाच्या: बदल पन्नाशीनंतर नव्याने आलेला हवा आणि निदान सहा महिने टिकलेला हवा. अशा प्रत्येकाला डिमेन्शिया होतोच असं मुळीच नाही. धोका जास्त असतो, म्हणून नजर ठेवायची.

आपल्याकडेही ही गोष्ट फार आधी कुणाच्यातरी लक्षात आली होती. १९९० च्या दशकात हरियाणातल्या बल्लभगढजवळच्या खेड्यांत भारतीय आणि अमेरिकी संशोधक काम करत होते. शाळेत न गेलेल्या आजीला 'आजची तारीख काय' विचारून काय कळणार? तिने उभ्या आयुष्यात तारीख वापरलेलीच नाही. मग त्यांनी घरच्यांना विचारायचे प्रश्न तयार केले. जेवल्याचं विसरून पुन्हा जेवायला मागतात का? होळी-दिवाळी लक्षात असते का? घरातल्या लग्नाबिग्नाच्या बाबतीत मत देतात का? गावातल्या गावात वाट चुकतात का? मला ही यादी भारी आवडली. वैतरणाच्या ओट्यावर बसून कुणालाही विचारता येईल अशी आहे.

'अस्तु' पाहिलाय? सुमित्रा भावे-सुनील सुकथनकरांचा, २०१३ चा. डॉ. मोहन आगाशे त्यात अल्झायमर झालेले संस्कृतचे प्राध्यापक आहेत आणि रस्त्यावरच्या एका हत्तीच्या मागे चालत जातात. जरूर बघा. पण हत्तीमागे निघालेला माणूस आजारी आहे हे कुणालाही कळतं. त्याच्या आधीची, शांत ओट्यावरची वर्षं कळत नाहीत. २०२३ मध्ये आलेल्या देशव्यापी अभ्यासाचा अंदाज होता, की भारतात साठीपुढच्या ७.४ टक्के लोकांना, म्हणजे सुमारे ८८ लाख जणांना डिमेन्शिया आहे. आणि हे आकडे आजार दिसायला लागल्यानंतरचे.

मामाचं काय निघालं? सरळ उत्तर नाही. बी-१२ बरंच कमी होतं, त्याची इंजेक्शनं सुरू झाली. थायरॉइड ठीक. कान बरेच गेलेले. आणि हे मला आधी सुचलंच नसतं, ज्याला अर्धंच ऐकू येतं त्याला दुसऱ्या खोलीतली कुजबुज आपल्याविषयीच वाटू शकते. २०२४ च्या लॅन्सेट आयोगाने डिमेन्शियाचे जे टाळता येण्याजोगे १४ धोके सांगितले, त्यात बहिरेपणही आहे. नैराश्य, काही औषधं, दारू, यांनीही वागणं असंच बदलतं, म्हणून आधी ते सगळं तपासायचं. आणि हो, बदल दोन-चार दिवसांत झाला असेल तर सहा महिने मोजत बसू नका. म्हाताऱ्या माणसाला लघवीचा जंतुसंसर्ग झाला तरी ते एकाएकी भलतंसलतं बोलायला लागतात. तेव्हा त्याच दिवशी डॉक्टर. कुठून सुरुवात करावी कळत नसेल तर ज्येष्ठांसाठीची सरकारी हेल्पलाइन आहे, १४५६७.

डॉक्टरबाई म्हणाल्या, आज डिमेन्शिया म्हणणार नाही, नाही असंही म्हणणार नाही. दर सहा महिन्यांनी या, आणि मध्ये जे दिसेल ते वहीत लिहा.

मग कागदपत्रं. पॉवर ऑफ अ‍ॅटर्नी करून टाकू म्हणजे पुढची चिंता मिटली, असं मामेभावाचं म्हणणं होतं. वकिलाने डोक्याला हात लावला. १८७२ च्या करार कायद्याप्रमाणे देणाऱ्याची समज गेली की ती पॉवरही जाते, म्हणजे नेमकी लागेल तेव्हा निकामी! जे ठरवायचं ते मामाला कळतंय तोवर मामानेच ठरवायचं. त्याने ठरवलं. बँकेचं खातं मामीबरोबर जॉइंट केलं, मृत्युपत्र केलं. जमीन? 'विकायची नाय,' म्हणाला. त्या एका वाक्यात जुना आवाज होता.

मामीवरचा संशय कमी झालाय, गेलेला नाही. पण पासबुकावरून तो बोलला की ती आता त्याला कानातलं मशीन घालायला लावते आणि डबा उघडून दाखवते. रडत आईकडे येत नाही. हा आपला नवरा बोलत नाहीये, त्याचा आजार बोलत असेल, असं तिने स्वतःशी ठरवून टाकलंय. मामेभावाच्या 'कळून काय करणार'चं हेही एक उत्तर असावं.

वही तिच्याकडेच असते. शाळेच्या वहीसारखी, दुरेघी. परवा सहज चाळली. गेल्या महिन्याच्या एका पानावर एवढंच होतं: 'गुरुवारी भजनाला गेले. टाळ घेतले नाहीत. शेवटपर्यंत बसले.'