बाहुबली कुठून सुरू करावा?

नागपूर,
एप्रिल

चि. मुक्तास,


उन्हाळ्याच्या सुट्टीत मुलांना 'बाहुबली' दाखवायचा तुझा बेत कळला. दुपारी कूलरपुढून हलता येत नाही अशा दिवसांत याहून चांगला उद्योग नाही. पण मुलं गोंधळू नयेत म्हणून गोष्ट घडली त्या क्रमाने, म्हणजे आधी बापाची कथा आणि मग मुलाची, असं दाखवायचं तू ठरवते आहेस. त्यासाठी पहिल्या भागाचा उत्तरार्ध, मग दुसऱ्याचा मोठा हिस्सा, मग परत पहिल्याची सुरुवात आणि अखेर दुसऱ्याचा शेवट, अशी फिरवाफिरव करावी लागेल. रिमोट हातात असला की ते जमेलही. तरी माझं मत साफ विरुद्ध आहे. पहिला भाग १० जुलै २०१५ ला आला, दुसरा २८ एप्रिल २०१७ ला. त्याच क्रमाने आणि सलग दाखव.

या क्रमाच्या बाजूने बोलणारे बहुतेक जण रहस्याचा मुद्दा काढतात. कटप्पाने बाहुबलीला का मारलं, हा प्रश्न दोन वर्षं देशभर गाजला, म्हणून ते साहजिक आहे. मला मात्र वाटतं की या क्रमाचं खरं बळ तो काय आधी सांगून टाकतो यात आहे. पहिल्या भागाच्या शेवटी राजघराण्याचा इमानी सेवक कटप्पा स्वतःच्या तोंडाने कबूल करतो की बाहुबलीला मारणारा मीच. मृत्यू कळला, मारेकरी कळला. राहिलं फक्त कारण. आता दुसऱ्या भागातलं कुंतल राज्य आठव. बाहुबली भोळसट तरुणाचं सोंग घेतो, कटप्पा त्याचा मामा बनतो, दोघांची थट्टामस्करी चालते. हे दोघं पुढे कुठे जाऊन पोचणार आहेत हे आपल्याला ठाऊक असतं, म्हणून त्या हसण्याखाली सतत एक धास्ती असते. तुझ्या क्रमाने तो नुसता विनोद उरेल. बाहुबलीच्या बायकोचं, देवसेनेचंही तेच. आधी आपण तिला साखळदंडात पाहतो, पंचवीस वर्षांच्या कैदेनंतर, तिला कैदेत टाकणाऱ्या भल्लालदेवाच्या चितेसाठी काटक्या वेचताना. धनुष्य पेलणारी, भर दरबारात कोणापुढे मान न झुकवणारी राजकन्या नंतर भेटते. तिचा ताठा पाहताना त्या काटक्या डोळ्यांपुढून हलत नाहीत. क्रम बदललास की हे दुःख निम्मं होतं.

तू म्हणशील, उलटही खरं आहे. कटप्पा तलवार उपसून बाहुबलीच्या मुलावर, शिवावर धावून येतो, त्याचा चेहरा दिसताच गुडघ्यांवर घसरत जातो आणि त्याचा पाय उचलून आपल्या डोक्यावर ठेवतो. मागची कथा माहीत असेल तर हा प्रसंग जास्त हलवणार नाही का? हलवतो, मी नाकारत नाही. नदीच्या पुरात बाळाला एका हाताने वर धरून बुडणारी राजमाता शिवगामीही, तिने काय केलं होतं ते कळल्यावर वेगळी दिसते. पण हा लाभ दुसऱ्यांदा पाहताना मिळतोच, तो कुठे जात नाही. हा कोण, आणि एवढा मोठा योद्धा याच्या पायाशी का आला, हे शिवाबरोबरच आपल्यालाही न कळणं मात्र एकदाच मिळतं.

मुलं गोंधळतील ही भीती मला फारशी पटत नाही. बाप आणि मुलगा दोन्ही प्रभासच, एवढं एकदा थांबून सांगितलंस की पुरे. महाभारत तरी आपण कुठे सरळ ऐकतो? वैशंपायन ते जनमेजयाला सांगतात, म्हणजे अर्जुनाच्या पणतूला, सगळे लढून, राज्य करून, मरून गेल्यावर. पूर्वजांचं काय झालं हे वंशजाने विचारायचं आणि जाणत्याने सांगायचं, ही मांडणी आपल्या अंगवळणी पडलेली आहे. शिवा आणि कटप्पा तेच करतात. वंशजाचा प्रश्नच काढून टाकला तर ती कथा कोणासाठी सांगितली जाते आहे, हे मुलांना कसं कळणार?

ऑक्टोबर २०२५ मध्ये दिग्दर्शक राजामौलींनी दोन्ही भाग जोडून, कापून 'बाहुबली: द एपिक' आणला, सुमारे पावणेचार तासांचा. एका बैठकीत होतो म्हणून तो सोयीचा वाटेल. पण त्यात शिवा-अवंतिकेच्या प्रेमकथेला मोठी कात्री लागली आहे, आणि दोन भागांमधलं वाट पाहणंही गेलं आहे. एक ध्यानात घे: सगळं नव्याने जुळवायची मोकळीक असताना दिग्दर्शकानेही गोष्ट कालक्रमाने लावली नाही. 'द लॉस्ट लेजेंड्स' आणि 'क्राऊन ऑफ ब्लड' या ॲनिमेशन मालिका चित्रपटांच्या आधीच्या काळातल्या आहेत, तरी त्या नंतरच. चित्रपटातल्या माहिष्मती राज्याची ओढ लागलेल्यालाच त्यांत गोडी वाटेल.

आपल्या नागपुरात बहुतेकांनी 'बाहुबली' हिंदीतच पाहिला. धाकट्यासाठी मात्र मराठी आवृत्ती बघ. २०२१ मध्ये शेमारू मराठीबाणा वाहिनीने ती आणली, त्यात बाहुबलीचा आवाज गश्मीर महाजनीचा आहे. पहिला भाग शनिवारी लाव, दुसरा रविवारी, आणि मध्ये मुलांनी कितीही गळ घातली तरी कटप्पाचं कारण सांगू नकोस.

तुझी,
मावशी