धूर दिसतोय ना, तेच गाव

अमेरिकेतलं 'वाइल्ड वेस्ट' म्हणजे काय, हे माझ्या पिढीला क्लिंट ईस्टवूडने शिकवलं. एकच रस्ता, दोन्ही बाजूंना लाकडी दुकानं, एक दारूचा गुत्ता, भर दुपारी समोरासमोर उभी दोन माणसं आणि धडाधड खिडक्या लावून घेणारी बाकीची जनता. पिक्चर संपला तरी मला त्या बाकीच्या जनतेचा प्रश्न पडलेला असायचा. गोळीबार नसेल त्या दिवशी ही मंडळी काय करतात? त्यांची लग्नकार्यं, शाळा, वर्गण्या, भाऊबंदकी हे सगळं कोण बघतं?

काही वर्षांपूर्वी ऑफिसच्या कामासाठी चार महिने कॅन्सस सिटीत होतो. वीकांताला काय करायचं हा ऑनसाइटवाल्यांचा सनातन प्रश्न. मॉल बघून झाले, इंडियन स्टोअरमधली पार्ले-जी आणून झाली. मग एप्रिलमधल्या एका शनिवारी गाडी काढली आणि पश्चिमेकडे जवळजवळ पाच तास हाकत राहिलो. रस्त्याचं वर्णन एका शब्दात होतं: सरळ. दोन्हीकडे गवत, मध्येच धान्याचे उंच कोठार-मनोरे आणि वर न संपणारं आभाळ. जायचं होतं निकोडेमस नावाच्या गावी. सहकाऱ्यांना नाव सांगितलं तर एकालाही माहीत नव्हतं, आणि त्यातले दोघे जन्मापासून कॅन्ससचे!

तर निकोडेमसची गोष्ट. त्या काळातली बरीचशी गावं आपल्यासारखी नदीकाठी, देवळाभोवती हळूहळू 'झालेली' नाहीत. ती काढलेली आहेत, दुकान काढावं तशी. १८६२ चा होमस्टेड कायदा असा होता, की १६० एकर सरकारी जमीन घ्या, तिथे पाच वर्षं राहा, कसा, की ती तुमची. (ही जमीन 'मोकळी' कशी झाली, हे शायेन आणि पॉनी लोकांना विचारावं. तो विषय एका कंसात मावणारा नाही.) मग चार-दोन माणसं मिळून एक टाउन कंपनी काढायची, कोऱ्या माळाचा नकाशा आखायची, त्यावर रस्ते आणि प्लॉट काढून विकायला बसायची. आधी ब्रोशर, मग प्रॉडक्ट. आमच्या धंद्यात हे नवीन नाही, त्यामुळे मला हसायचा अधिकार नाही.

निकोडेमस टाउन कंपनी एप्रिल १८७७ मध्ये निघाली. डब्ल्यू. आर. हिल हा जमिनीच्या व्यवहारातला गोरा माणूस, आणि त्याच्या बरोबर डब्ल्यू. एच. स्मिथ व इतर काही कृष्णवर्णीय पुढारी. गिऱ्हाईक होतं कालपरवापर्यंत गुलाम असलेले लोक. केंटकीत गुलामगिरी कायद्याने संपली ती डिसेंबर १८६५ मध्ये, म्हणजे जेमतेम बारा वर्षांपूर्वी. दक्षिणेतल्या नव्या सरकारांच्या पाठीशी असलेलं केंद्राचं उरलंसुरलं लष्करही याच १८७७ च्या एप्रिलमध्ये मागे घेतलं गेलं. अशा वेळी केंटकीतल्या लेक्सिंग्टनमध्ये पत्रकं लागली, पाच डॉलर भरा आणि कॅन्ससला चला. सप्टेंबरात साधारण तीनशे माणसं निकोडेमसला पोचली.

पोचली, पण तिथे होतं काय? काही नाही. घर बांधायला लाकूड नाही, कारण झाडंच नाहीत. आधी आलेल्यांनी उतारावर जमीन खणून बिळासारखी घरं केली होती, त्यातच चूल. पुढच्या वर्षी, १८७८ मध्ये, विलियाना हिकमन नावाची बाई नवऱ्याबरोबर आली. रेल्वेचं शेवटचं स्टेशन एलिस, तिथे त्यांच्या जथ्यात गोवराची साथ येऊन मुलं दगावली होती. तिथून दोन दिवस गाड्या हाकत, रस्ता नाही म्हणून होकायंत्र बघत, ही मंडळी येत होती. तिने पुढे सांगून ठेवलेली आठवण अशी, की निकोडेमस आलं म्हणून पुरुष ओरडायला लागले, तर तिला काही दिसेचना. कुठाय गाव, असं तिने विचारलं. नवऱ्याने जमिनीतून वर येणारे धुराचे लोट दाखवले. तेच गाव. बाई रडायला लागली.

त्या दिवशी मी गाडीतून उतरलो तेव्हा तिच्यासारखंच माळाकडे बघत राहिलो. फरक एवढाच, की मला परत न्यायला गाडीची टाकी अर्धी भरलेली होती. पहिल्या जथ्यातली बरीच कुटुंबं लगेच माघारी वळली होती, आणि त्यांना नावं ठेवायची माझी छाती नाही. जे राहिले त्यांच्याजवळ पहिल्या हिवाळ्याला पुरेल इतकं धान्यही नव्हतं. शिकारीहून परतणाऱ्या ओसेज लोकांनी आपल्यातलं अन्न दिलं, अशी आठवण गाव अजून सांगतं.

आणि मग हळूहळू माझ्या जुन्या प्रश्नाचं उत्तर सुरू होतं. बाकीची जनता करते काय? तर संस्था काढते! पक्की घरं व्हायच्या आधीच प्रार्थना सुरू झाल्या. जेनी फ्लेचर या बाईने बिळातल्या घरातच मुलांना शिकवायला घेतलं, आणि तिचा नवरा झॅकरी फ्लेचर पोस्टमास्तर झाला. यातली एकेक गोष्ट वरवर वाटते त्यापेक्षा मोठी आहे. पोस्ट आलं, की गावाचं नाव सरकारदरबारी लागलं. शाळेचा जिल्हा मंजूर झाला, की शाळेसाठी कर बसवायचा आणि त्यासाठी आपली माणसं निवडून द्यायचा हक्क आला. बारा वर्षांपूर्वी ज्यांना अक्षर शिकवणंसुद्धा दक्षिणेत बऱ्याच ठिकाणी गुन्हा होता, ते आता शाळेच्या कमिटीवर कोण बसणार म्हणून भांडू शकत होते. (कमिटी म्हटली की भांडण आलंच. महाराष्ट्र मंडळात वर्षभर काढलेल्यांना वेगळं सांगायला नको.) १८७८ मध्येच इथे आलेला एडवर्ड मॅककेब तर १८८२ मध्ये सगळ्या राज्यातून ऑडिटर म्हणून निवडून आला. त्याला मतं देणारे बहुतेक गोरे होते, हे लक्षात घ्या.

ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर गावाला बरे दिवस आले. चुनखडीच्या दगडाची घरं, दोन हॉटेलं, बँक, किराणा, औषधांचं दुकान. बँड होता, साहित्य मंडळ होतं, आणि 'निकोडेमस ब्लूज' नावाचा बेसबॉलचा संघ. एवढ्याशा गावाला वर्तमानपत्रं दोन! एकाचं नाव 'वेस्टर्न सायक्लोन'. मला हे नाव फार आवडलं. माळावर वादळाची भीती सगळ्यात जास्त, आणि यांनी पेपराला तेच नाव ठेवलं. अशा पेपरांतून जगाच्या बातम्यांपेक्षा कोण कुणाकडे पाहुणा आला, कुणाचं पीक कसं आहे हेच जास्त छापायचे. आणि गावाची जाहिरात. रेल्वे येणार, येणार, आलीच!

रेल्वे. मंडळी, इथे खरी गोम आहे. रुळापासून लांब राहिलेल्या गावाचं धान्य बाजारात न्यायचा खर्च धान्यालाच खाऊन टाकायचा. म्हणून गावं रेल्वे कंपन्यांना पैसे देऊन बोलवायची. १८८७ मध्ये निकोडेमसच्या लोकांनी मिसुरी पॅसिफिकसाठी १६,००० डॉलरचे रोखे मतदानाने मंजूर केले. कंपनी आलीच नाही. १८८८ मध्ये दुसरी कंपनी, युनियन पॅसिफिक, नदीच्या पलीकडून गेली आणि सहा-सात मैलांवर तिने आपलं ठाणं टाकलं. त्याचं बोग नावाचं गाव झालं. दुकानदारांनी बाडबिस्तरा उचलला आणि तिकडे गेले. दोन्ही पेपर बंद पडले. इतकी वर्षं माणसांनी हाताने उभं केलेलं सगळं कुणीतरी लांब बसून नकाशावर मारलेल्या एका रेघेवर अवलंबून होतं, हे वाचताना मला आमचे कितीतरी बंद पडलेले प्रोजेक्ट आठवले, आणि मग त्या तुलनेची लाजही वाटली. आमचे नुसते लॅपटॉप बंद होतात.

गाव एका दिवसात मेलं नाही. शेती चालू राहिली. तिसाच्या दशकातल्या दुष्काळाने आणि धुळीच्या वादळांनी उरलेलं काम केलं. १९५३ मध्ये पोस्ट बंद झालं. १९९६ मध्ये सरकारने गाव राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळ म्हणून जाहीर केलं. मी गेलो तेव्हा कायमची राहणारी माणसं डझन-दोन डझनाच्या आसपास होती.

पण एक गोष्ट चालू आहे. १८७८ पासून दर उन्हाळ्यात इथे मुक्तीचा उत्सव होतो. मुळात तो १ ऑगस्टचा, म्हणजे ब्रिटिशांनी १८३४ मध्ये वेस्ट इंडीजमधल्या गुलामगिरीविरुद्धचा कायदा लागू केला त्या दिवसाचा. आता त्याला होमकमिंग म्हणतात आणि तो जुलैच्या शेवटच्या शनिवार-रविवारी असतो. डेन्व्हरहून, कॅलिफोर्नियाहून, कुठून कुठून शेकडो वंशज येतात. यातले कित्येक जण निकोडेमसमध्ये एक दिवसही राहिलेले नाहीत.

यावर भावुक होणं सोपं आहे. मी झालो नाही असं नाही, पण परतीच्या वाटेवर डोक्यात दुसरंच चालू होतं. वर्षातून दोन दिवस भरणाऱ्या गावाला गाव म्हणायचं का? जत्रेला मुंबईहून येणाऱ्या चाकरमान्यांनी गाव जिवंत आहे असं म्हणणं मी लहानपणापासून ऐकतोय, आणि उरलेले ३६३ दिवस तिथे राहणाऱ्या काकूंचं त्यावरचं मतही ऐकलंय. उत्सवाने कुणाचं पोट भरलं नाही. रेल्वे आली असती तर भरलं असतं. तरीही बँक, हॉटेलं, पेपर हे सगळं गेल्यावर टिकलं ते बिळात राहत असताना सुरू केलेलं, आणि त्यातून कुणाला एक डॉलरही सुटत नव्हता, हेही खरंच.

तिथे उभं असताना आणखी एक आठवलं. जोतिरावांनी 'गुलामगिरी' अर्पण केली ती अमेरिकेतल्या गुलामांना मुक्त करण्यासाठी झटणाऱ्या लोकांना. साल १८७३. शाळेत ही अर्पणपत्रिका मार्कांसाठी पाठ केली होती. मुक्त झालेले लोक पुढे कुठे गेले, काय खाल्लं, कुठे झोपले, हे मी कधीच विचारलं नव्हतं. पुस्तक निघाल्यानंतर चारच वर्षांनी त्यांतले काही जण इथे, या माळात, खड्डे खणत होते.

टाउनशिप हॉलमध्ये माहिती केंद्र आहे. तिथे सत्तरीच्या एक बाई फोटो बघत बसल्या होत्या. माझ्याकडे वळून त्यांनी पहिला प्रश्न विचारला तो नाव नाही, नोकरी नाही. तुझी माणसं कुठली? आमच्या गावच्या पारावर "कुणाचा रे तू?" विचारतात, अगदी त्याच सुरात. मी सांगितलं, भारत, महाराष्ट्र, समुद्राकडचं एक छोटं गाव. तिथे आता कोण असतं, असं त्यांनी विचारलं. म्हटलं, काका-काकू. आणि जत्रेला सगळे.

"तू जातोस?"

चार वर्षं गेलो नव्हतो. तसं सांगितलं. त्या काही बोलल्या नाहीत, भिंतीवरच्या एका फोटोतल्या माणसावर बोट ठेवून हे माझे आजोबा म्हणाल्या, आणि जुलैत ये म्हणाल्या, खूप जेवण असतं.

जूनमध्ये प्रोजेक्ट संपला आणि मी पुण्याला परत आलो.