सोयरीक आणि सिनेमा

पूर्वी एका पेपरात होतो तेव्हाची गोष्ट. नळयोजनेत कमी जाडीचे पाइप टाकल्याची बातमी माझ्याकडे होती, कागदांसकट. पान लागलं. रात्री दहाला फोन आला, "ती राहू दे रे सध्या." नंतर कळलं, ठेकेदाराची मुलगी मालकांच्या घरात सून म्हणून येणार होती.

हे आठवलं ते बहिजा हाफिझमुळे. नाव ऐकलं नसेल. मीही परवापरवापर्यंत ऐकलं नव्हतं.

अलेक्झांड्रियाच्या बड्या घराण्यातली ही बाई. पियानो वाजवायची, संगीत रचायची. मोहम्मद करीमच्या 'झैनब' या मूकपटात ती खेड्यातली गरीब मुलगी झाली, सोबतीचं संगीतही तिनेच दिलं. साल १९३०. सिनेमात काम केलं म्हणून घरच्यांनी तिला टाकलं. (आपल्या दुर्गाबाई खोट्यांनाही त्याच सुमारास घरंदाज बाईने पडद्यावर यावं का, हे ऐकावं लागलंच होतं.)

बहिजा मागे हटली नाही. नवऱ्यासोबत स्वतःची कंपनी काढली, निर्मिती केली, दिग्दर्शनही केलं. मग १९३७ मध्ये 'लैला बिंत अल-सहरा', म्हणजे वाळवंटाची लेक लैला. निर्मिती, दिग्दर्शन, मुख्य भूमिका, सगळं तिचंच. गोष्ट इस्लामपूर्व काळातली. इराणचा बादशहा अरब टोळीतल्या लैलाला पळवून नेतो, ती त्याला वश होत नाही. पैसा ओतून केलेला भव्य बोलपट.

आणि इथे आडवी आली सोयरीक! राजा फारूकची बहीण फौजिया इराणच्या युवराजाला, मोहम्मद रझा पहलवीला द्यायचं ठरलं. मार्च १९३९ मध्ये कैरोत लग्न लागलं. व्याह्यांच्या देशाचा जुना बादशहा पडद्यावर बायका पळवतोय, हे कसं चालायचं? सिनेमावर बंदी आली. बादशहा दीड हजार वर्षांपूर्वीचा, दुखावले मात्र आजचे. १९४४ मध्ये नाव बदलून, 'लैला अल-बदविया' म्हणून तो पुन्हा लागला. पण मधली वर्षं कोण भरून देणार? सिनेमा म्हणजे काही लोणचं नाही, मुरत ठेवायला.

त्यानंतर ती पडद्यावर जवळपास दिसलीच नाही. १९६६ मध्ये सलाह अबू सैफच्या 'कैरो ३०' मध्ये एक छोटी भूमिका केली, बस. १९८३ मध्ये गेली, हलाखीत आणि एकटी.

गंमत म्हणजे ज्या लग्नासाठी हे सगळं झालं, ते दहा वर्षंही टिकलं नाही. १९४८ मध्ये घटस्फोट.

आमच्याकडचं लग्न मात्र टिकलंय. दणक्यात झालं होतं, जेवायला मीही गेलो होतो. पाइप दुसऱ्याच उन्हाळ्यात फुटले. बातमीचे कागद अजून माझ्या कपाटात आहेत.