निऑनने दिलेली साक्ष
गुंडाळीची तार तुटली आहे का, ते सेल आणि बल्ब लावून कळतं. पण लेप जळून आतले वेढे एकमेकांना चिकटले असतील, तरी बल्ब पेटतोच नि आपल्याला फसवतो!

२६ जानेवारी तोंडावर आली आणि शाळेचा अँप्लिफायर मुका झाला. ‘ट्रान्सफॉर्मर गेला, नवा घ्या,’ दुकानदार म्हणाले. तो सुटा करून आम्ही जास्त वेढ्यांच्या गुंडाळीला टेस्टरमधला निऑन दिवा जोडला. त्याच टोकांना दीड व्होल्टचा सेल टेकवला, झटकन काढला. लख्ख! निऑनला तर ६०हून अधिक व्होल्ट लागतात. सेल सुटताच गुंडाळीतलं चुंबकत्व कोसळतं, त्यातून हा दाब उसळतो; चिकटलेला वेढा तो गिळून टाकतो. म्हणजे ट्रान्सफॉर्मर धडधाकट! बिघाड फ्यूजमध्ये निघाला. उघड्या टोकांना मात्र बोट लावू नका हं, चांगलाच झटका बसतो.